दुमित्रूपर्यंतची रजा

आमच्या ब्राडाचेलच्या शाळेत सहा वर्ग आणि ते तापवायला सहा भट्ट्या. भट्ट्या फरशीच्या, छताला भिडणाऱ्या, आणि सहाही सहा स्वभावांच्या. चौथीच्या वर्गातली सगळ्यांत खाष्ट. तिच्या तोंडात पहिल्यांदाच मोठं लाकूड घातलं की सगळा धूर वर्गात ओकायची. तिला आधी ढलप्या द्याव्या लागत, झाकण बोटभर उघडं ठेवावं लागे, आणि ती जरा तापली की मगच बीच झाडाचा ओंडका. हे गावात एकाच माणसाला ठाऊक होतं, ती म्हणजे प्रोफिरा. एकोणीस वर्षं ती पंचायतीच्या नोकरीत शाळेच्या भट्ट्या पेटवत होती. पहाटे पाचला कुलूप काढायची आणि आठला मुलं येईपर्यंत सहाही भट्ट्यांच्या फरशा तापवून ठेवायची.

मी या शाळेतला मास्तर, इतिहास आणि भूगोल शिकवतो. प्रोफिराबद्दल मला फार आदर आहे, हे आधीच सांगून टाकतो. कारण पुढे मला स्वतःबद्दल जे सांगायचं आहे ते काही आदर वाटण्याजोगं नाही.

बावन्न वर्षांची बाई, ठेंगणी, खांद्यानं रुंद. शाळेच्या मागे लाकडं फोडायला उभी राहिली की मी खिडकीतून बघत बसायचो आणि मुलं नकाशा कुठे गुंडाळून ठेवतात याकडे माझं लक्ष नसायचं. ती कुऱ्हाड जोरानं मारायचीच नाही. ओंडका फिरवून फिरवून बघायची, बोटानं चीर शोधायची, आणि तिथेच एक घाव. गाठ आली तर पाचर ठोकून वाट बघायची. तिचा नवरा गाव्रिल पूर्वी लाकडाच्या गिरणीत होता, करवतीनं त्याची तीन बोटं घेतली, तेव्हापासून तो घर सांभाळतो आणि ही घराबाहेरचं. मूलबाळ नाही. नदीपलीकडच्या वस्तीत त्यांचं लाकडी घर आहे. ती वस्ती जुन्या पंचांगाची. आम्ही अलीकडचे नव्या पंचांगाचे. नदीच्या दोन काठांना दोन देवळं, दोन घंटा आणि दोन ख्रिसमस. आमचे सरपंच हारालांबी यांची सासुरवाडी पलीकडची, त्यामुळे त्यांना दोन्हीकडचं जेवण मिळतं.

त्या वर्षी ऑक्टोबरच्या सुरुवातीलाच डोंगरावर बर्फ पडलं. प्रोफिराचा भाऊ झाहारिया डोंगरावरच्या मेंढवाड्यावर पलीकडच्या वस्तीची चारशे मेंढरं घेऊन होता. ओल्या दगडावरून पाय घसरला आणि नडगी मोडली. त्याला खेचरावर बांधून खाली आणलं. आता मेंढरांजवळ कुत्र्यांशिवाय कोणी नव्हतं. मेंढरं संत जॉर्जच्या दिवशी वर जातात आणि संत दुमित्रूच्या दिवशी खाली येतात. त्या दिवशी सगळे मालक कुरणात जमतात आणि आपापली मेंढरं खूण बघून वेगळी करतात. अस्वलापासून ती तोवर राखायची तर कोणीतरी वर जायलाच हवं होतं. प्रोफिरा लहानपणी बापाबरोबर वर राहिलेली. ती म्हणाली, मी जाते.

पण न सांगता जाणाऱ्यातली ती नव्हती. तिनं वहीचं पान फाडलं आणि त्यावर लिहिलं, भावाचा पाय मोडला आहे, मेंढरांमागे जायचं आहे, संत दुमित्रूच्या दिवसापर्यंत बिनपगारी रजा मिळावी. सरपंच गाडीतून उतरत होते. त्यांनी गाडीच्या टपावर कागद ठेवून सही केली आणि बर्फात जपून राहा असंही सांगितलं. मग ती माझ्याकडे आली आणि चौथीच्या भट्टीबद्दल नीट समजावून गेली. मी मान डोलवली, पण ऐकलं मात्र अर्धंच.

सव्वीस ऑक्टोबरला आमच्या देवळात दुमित्रूचा सण झाला. सत्तावीसला शाळेत आलो तर भट्ट्या गार. तोवर हवा बरी होती म्हणून चाललं होतं, पण नेमकी त्याच दिवशी थंडी पडली. अठ्ठावीसला खिडक्यांच्या आतून बर्फ धरलं. मुलं टोप्या घालून, हात बाह्यांत घेऊन बसली. सरपंचांनी ट्रॅक्टरवाल्या नेकुलाईला पाठवलं, त्यानं ओली लाकडं कोंबून वर डिझेल ओतलं, आणि दोन वर्गांच्या भिंती काळ्या केल्या. चौथीची भट्टी मी स्वतः हातात घेतली. दहा मिनिटांत मी आणि बावीस मुलं अंगणात उभे राहून खोकत होतो. मुलांनी मला पुढे आठवडाभर काय नाव ठेवलं होतं ते इथे सांगत नाही.

वरच्या वाड्यावर फोन लागत नाही. पण गाव्रिलचं घर शाळेपासून पूल ओलांडून दहा मिनिटांवर आहे. त्याला जाऊन विचारावं, प्रोफिरा कधी येणार, हे आमच्यापैकी एकालाही सुचलं नाही. मुख्याध्यापिका आग्लाया बाई दोन स्वेटर घालून बसायच्या, त्यांनी एका सकाळी तक्रार लिहिली. प्रोफिरा ठरल्या दिवशी कामावर आली नाही, काही कळवलंही नाही, अशी. साक्षीदार म्हणून खाली माझी सही हवी होती. माझी बोटं इतकी गारठली होती की सही वाकडी आली, पण मी केली.

प्रोफिरा परतली ती नऊ नोव्हेंबरला, सोमवारी. पहाटे पाचला नेहमीसारखी शाळेत आली तर कुलूप बदललेलं. दारावर कणकेच्या खळीनं कागद चिकटवला होता. कंदिलाच्या उजेडात तिनं वाचला. गैरहजेरीच्या कारणानं पंचायतीच्या सेवेतून कमी करण्यात येत आहे, एवढंच त्यात होतं. किती दिवसांची गैरहजेरी, कुठपासून कुठपर्यंत, एक अक्षर नाही.

मी आठला आलो तेव्हा ती फाटकाजवळ उभी होती. चेहरा वाऱ्यानं सोलपटलेला, ओठ फुटलेले, अंगाला मेंढरांचा वास. मला म्हणाली, "मास्तर, मला काढलं म्हणतात. कशासाठी?"

मी घंटा व्हायची आहे असं काहीतरी पुटपुटलो आणि आत गेलो.

ती पंचायतीत गेली. सरपंच हारालांबी वाईट माणूस नाही, पण त्यांना बायकांच्या प्रश्नांची भीती वाटते. त्यांनी तिला बसायलाही सांगितलं नाही. कागदावर सगळं आहे म्हणाले. ती म्हणाली, कागदावर काहीच नाही, मी रजा घेऊन गेले होते. ते म्हणाले, आता वाद नको. टेबलावरून त्यांनी दुसरा कागद पुढे सरकवला. त्यावर तिनं सही करायची होती की मी स्वखुशीनं नोकरी सोडते आहे. तसं केलं तर दारावरचा कागद काढू, नाव खराब होणार नाही, आणि वसंतात रस्ता झाडायचं काम देऊ. बाहेरच्या बाकावर दाखल्यांसाठी बसलेली पाच-सहा माणसं कान देऊन ऐकत होती. तिनं कागद उलटा करून टेबलावर ठेवला आणि निघून आली.

गाव्रिलनं घरी तिला बरंच समजावलं. तो हळू बोलणारा माणूस आहे. मक्याच्या घट्ट शिजवलेल्या पिठावर मेंढीचं चीज किसत तो म्हणाला की सरपंचाशी भांडून या गावात कोणाचं भलं झालं, सही कर आणि झाडू घे. तेव्हा ती जे बोलली ते त्यानं मला पुढे शब्दशः सांगितलं.

"मी सोडली नाही. सोडली नाही तर सोडली असं लिहू कसं? त्यांनी काढलं असेल तर त्यांनी काढावं. पण काढताना मला एकदा विचारायला तर हवं. घरातलं कुत्रं हाकलतानासुद्धा माणूस त्याच्याकडे बघतो."

दुसऱ्या दिवशी पहाटे पाचला ती पुन्हा फाटकाशी हजर. तिसऱ्या दिवशीही. आत जायचं नाही, लाकडाला हात लावायचा नाही, कोणाशी भांडायचं नाही. पाच ते आठ फाटकाशी उभी राहायची आणि शाळेची घंटा झाली की घरी जायची. नेकुलाईनं टिंगल केली, अक्का, बर्फाची बाहुली व्हायचं ठरवलंय काय. ती म्हणाली, "आणखी एकदा गैरहजर लिहायला जागा नको, म्हणून उभी आहे." त्यानंतर नेकुलाई मागच्या दारानं येऊ लागला. मुलं मात्र तिच्यासमोरून जाताना टोप्या काढायची. कोणी शिकवलं नव्हतं.

चौथ्या दिवशी आमचे चिटणीस कासियान शहरातून परतले. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं, एका डोळ्यावर पट्टी. गावात त्यांचं कोणाशी पटत नाही. जन्माच्या दाखल्यातली वेलांटी चुकली तर ते बापाला घरी परत पाठवतात. सरपंचाच्या कोणत्याही हुकमावर, तो कायद्याला धरून आहे, अशी चिटणीसाची सही लागते. प्रोफिराच्या हुकमावर ती नव्हती, कारण कासियान तेव्हा दवाखान्यात होते. सरपंचांनी घाईनं कागद आधी दाराला चिकटवला आणि सही नंतर घेऊ म्हणून ठेवली.

कासियाननी एका डोळ्यानं फाईल वाचली. मी तिथेच होतो, शाळेच्या सरपणाचा कागद घेऊन गेलो होतो.

"हिला बोलावल्याची चिठ्ठी कुठे आहे?" ते म्हणाले.

"कशाला बोलवायचं?" सरपंच म्हणाले. "सगळ्या गावाला माहीत आहे, ती नव्हती ते."

"गावाला माहीत असेल. मला फायलीत दिसत नाही. आणि तिचं म्हणणं कुठे आहे?"

"तिला काय म्हणायचं असणार आहे?"

"मला माहीत नाही. तुम्हाला माहीत आहे का?"

कासियाननी सांगितलं की माणसाला काढायचं तर आधी लेखी बोलवायचं, आरोप काय ते तारखांसकट लिहायचं, दिवस, वेळ, जागा द्यायची, तो सांगेल ते ऐकायचं आणि ऐकलेलं लिहायचं. मग पटलं नाही तर का पटलं नाही तेही लिहायचं आणि खुशाल काढायचं. हे केल्याशिवाय आपण सही करणार नाही आणि सहीशिवाय दारावरचा कागद म्हणजे रद्दी. सरपंच चिडून म्हणाले, थंडीत मुलं कुडकुडत होती तेव्हा तुमचा कायदा कुठे होता. कासियान म्हणाले, "माझी नातपण त्याच शाळेत आहे. ती खोकते आहे. तरी विचारायचं." मला या माणसाची वीस वर्षं चीड यायची. त्या दिवसापासून येत नाही.

बोलावण्याची चिठ्ठी त्यांनी सरपंचांनी सांगितलेल्या तारखा आणि दिवस घालून लगेच स्वतः लिहिली आणि पोचवायला माझ्या हातात दिली. तक्रारीवर सही तुमची, तेव्हा पोच घ्यायलाही तुम्हीच जा, म्हणाले.

पूल ओलांडून गेलो. प्रोफिरा ओसरीत बसून भावाच्या पायाची पट्टी बदलत होती. हात पुसून तिनं चिठ्ठी घेतली आणि ओठ हलवत वाचू लागली. सत्तावीस ऑक्टोबरपासून आठ नोव्हेंबरपर्यंत, असे तेरा दिवस रजा संपल्यावर विनापरवाना गैरहजर. ती थांबली. पुन्हा वरून वाचलं. मग गाव्रिलला म्हणाली, भिंतीवरचं पंचांग काढून दे.

त्यानं खिळ्यावरून काढून दिलं. त्यांच्या देवळातलं, जुनं पंचांग. तिनं पानावर बोट ठेवलं आणि पंचांग माझ्याकडे फिरवलं. संत दुमित्रू, लाल अक्षरात. समोर आमच्या हिशेबाची तारीख, आठ नोव्हेंबर.

माझ्या कानाच्या पाळ्या तापल्या. दोन्ही पंचांगांत तेरा दिवसांचं अंतर आहे, हे मी सहावीच्या मुलांना दरवर्षी फळ्यावर लिहून शिकवतो, आणि न जमणाऱ्याला उभं करतो. ती तिच्या दुमित्रूपर्यंत राहिली, मेंढरं मालकांच्या हवाली केली, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे पाचला कामावर आली. एक तासही उशीर नाही.

मी उठलोच. म्हणालो, आत्ता जातो आणि सरपंचांना सांगतो, पाच मिनिटांत मिटेल. तिनं माझी बाही धरली. हाताला मलमाचा वास येत होता.

"नाही मास्तर. तुम्ही कोणाला सांगायचं नाही. बोलावलंय ना मला? मग मला विचारू द्या."

झाहारिया खाटेवरून हसू लागला आणि पाय दुखला म्हणून कण्हू लागला. मी पोचेवर तिची सही घेतली. तिची सही सरळ आली.

शाळेचे पुढचे पाच दिवस ती फाटकाशी उभी होतीच. मी रोज तिच्यासमोरून गेलो आणि तोंड बंद ठेवलं. मला फार जड गेलं. ती मात्र शांत होती, एकदा तर तिनं मला विचारलं, चौथीची भट्टी अजून धूर ओकते का.

सुनावणी पंचायतीच्या खोलीत झाली. टेबलामागे सरपंच, आग्लाया बाई आणि लिहायला कासियान. मी साक्षीदार म्हणून भिंतीशी. प्रोफिरा रविवारचे कपडे घालून आली होती, डोक्याला काळा रुमाल, बुटांना चरबी चोळलेली. कासियाननी तिला खुर्ची दिली आणि तुमच्या बाजूनं बोलायला कोणी हवं आहे का विचारलं. ती म्हणाली, तोंड आहे मला.

कासियाननी विचारलं, "सत्तावीस ऑक्टोबरला तुम्ही कुठे होतात?"

"रजेवर."

"रजा कधीपर्यंतची होती?"

"संत दुमित्रूपर्यंत. अर्ज तुमच्या फायलीत आहे. सरपंचांची सही आहे."

अर्ज निघाला. तिच्या अक्षरातल्या त्या तीन ओळी कासियाननी मोठ्यानं वाचल्या. सरपंच टेबलावर बोटं वाजवत म्हणाले, तेच तर म्हणतो आम्ही, दुमित्रूपर्यंत रजा आणि आली कधी, तर तेरा दिवसांनी.

"मी दुमित्रूच्या दुसऱ्या दिवशी पहाटे पाचला आले," प्रोफिरा म्हणाली.

कासियाननी लेखणी खाली ठेवली आणि सरपंचांना विचारलं की तेरा कसे मोजलेत. शाळा चालू असलेले दिवस तर नऊच होतात. सरपंच म्हणाले, शनिवार-रविवारही धरले, आरोपात वजन यावं म्हणून.

"बरं झालं धरलेत," कासियान म्हणाले. "नऊ लिहिले असतेत तर माझ्या लक्षात आलं नसतं. हारालांबी, तुमच्या सासूबाई दुमित्रूचं जेवण कधी घालतात?"

सरपंचांचा चेहरा बघण्यासारखा झाला. याच महिन्याच्या आठ तारखेला ते पलीकडे कोकराचं मटण आणि कोबीच्या पानात गुंडाळलेला भात जेवून आले होते. आणि त्याच दिवशी, जाता जाता, शाळेच्या दारावर तो कागद चिकटवून गेले होते.

आग्लाया बाईंनी ओशाळून डोळ्यांना रुमाल लावला. पण बाई तशा लढाऊ, म्हणाल्या, सरकारी कामात नवीच तारीख धरतात हे प्रोफिराला एकोणीस वर्षांत कळलं नाही का? प्रश्न खोटा नव्हता. प्रोफिरानं तो टाळला नाही.

"कळतं बाई. शाळेचं काम मी तारखेनं मोजते. पण रजा मेंढरांसाठी होती, आणि मेंढरं संतांनी मोजतात. तारीख लिहायला हवी होती, ती माझी चूक. तीपण लिहा. पण कोणी विचारलं असतं तर दारातच सांगितलं असतं. पुलापलीकडे गाव्रिल होता. त्यालापण कोणी विचारलं नाही."

सरपंच म्हणाले, झालं गेलं, घे किल्ली आणि लाग कामाला. किल्ली टेबलावर आली. तिनं ती घेतली नाही. म्हणाली, मी सांगितलं ते लिहिलंय का, वाचून दाखवा. कासियाननी वाचलं. एके ठिकाणी त्यांनी तिच्या चुकीचं वाक्य गाळलं होतं, तिनं ते घालायला लावलं. मग म्हणाली, दारावरचा कागद ज्यानं लावला त्यानं काढावा.

सरपंच गेले. आमच्या सरपंचांनाही याचं श्रेय द्यायला हवं, ते गाडी न घेता पायी गेले आणि शाळा सुटायच्या वेळेला, सगळ्या मुलांसमोर, सुरीनं ती वाळलेली कणीक खरवडत बसले. प्रोफिरा बाजूला उभी होती. एका कोपऱ्याला तिचं नाव चिकटून राहिलं तेव्हा तिनंच पाणी आणून दिलं.

त्या रात्री मला झोप लागेना, तेव्हा मी पहाटे पाचलाच उठून शाळेत गेलो. चौथीच्या वर्गात ती भट्टीसमोर उकिडवी बसून ढलप्या रचत होती. नेकुलाईची काजळी तिनं आधीच खरवडून काढली होती. मला बघून तिनं मान हलवली आणि काडी ओढली. मी उभाच राहिलो. मग विचारलं, काही मदत करू का.

तिनं झाकण बोटभर उघडं ठेवलं. मग माझ्याकडे वळली.

"मास्तर, तक्रारीवर तुमची सही होती. काल तुम्हाला कोणी काही विचारलंच नाही. म्हणून मी विचारते. सही का केलीत?"

तिच्या आवाजात राग नव्हता. कासियाननी तिला विचारलं होतं तसंच तिनं मला विचारलं, आणि उत्तरासाठी थांबली. मी पुष्कळ कारणं मनात जुळवली. बाईंनी सांगितलं, मुलं कुडकुडत होती, सगळेच म्हणत होते. त्यातलं एकही तिच्यासमोर तोंडातून निघेना.

"मला थंडी वाजत होती," मी म्हणालो.

तिनं थोडा विचार केला. भट्टीत ढलप्या तडतडू लागल्या होत्या, धूर सरळ वर जात होता.

"बरं," ती म्हणाली. "ऐकलं." आणि मुलांच्या बाकांपैकी एक भट्टीजवळ ओढून तिनं मला हात शेकायला बसवलं.